देवळातील धातू आणि त्यांची संगत

देऊळ म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे दगड येतो, चुना येतो, सागवानी सभामंडप येतो. धातूची आठवण होते ती फक्त कळसापुरती नाहीतर घंटेपुरती. परंतु जुन्या इमारतींत धातूचे काम याहून पुष्कळ असते. दाराच्या बिजागऱ्या, कड्या-कोयंडे, खिळे, खिडक्यांचे गज, समईच्या साखळ्या, खांबावरचा चांदीचा पत्रा हे डोळ्यांना दिसते. न दिसणारे म्हणजे दगडाच्या पोटात बसवलेले लोखंडी आकडे, खुंट्या आणि तुळया. भिंत उभी राहण्यात त्यांचा वाटा असतो, आणि वेळ आली म्हणजे भिंत फोडण्यातही त्यांचाच वाटा असतो.

हल्ली गावोगावी जीर्णोद्धाराची कामे चालली आहेत. कोणी पिकाच्या पैशातून देतो, कोणी वारीहून उरलेले पाच-पंचवीस रुपये पेटीत टाकतो. असा कष्टाचा पैसा ज्या कामाला लागतो ते काम नातवंडांपर्यंत टिकावे, ही प्रत्येकाची इच्छा. मात्र इच्छा चांगली असूनही काम बिघडते, आणि पुष्कळ वेळा ते बिघडते चुकीच्या धातूमुळे किंवा चुकीच्या जागी बसवलेल्या धातूमुळे. म्हणून या पाठात आम्ही इमारतीतील धातूंचा विचार करणार आहोत.

सगळ्या पाठाचे सार आधीच सांगून ठेवतो: धातूचा नाश त्याच्या स्वभावाने जितका होतो त्याहून अधिक संगतीने होतो. संगतीचा महिमा वारकऱ्याला निराळा सांगायला नको. तोच न्याय धातूला कसा लागू पडतो, तेवढे पाहू.

लोखंडाचा स्वभाव

लोखंड खाणीतून निघते ते चकचकीत लोखंड म्हणून नव्हे, तर तांबड्या दगडमातीच्या रूपाने. त्या मातीत लोह प्राणवायूशी जखडलेले असते. भट्टीत कोळसा जाळून माणूस ती जोडी तोडतो आणि लोखंड मोकळे करतो. पण लोखंडाचा ओढा आपल्या मूळ रूपाकडेच असतो. हवेतला प्राणवायू आणि पाणी दोन्ही मिळाले की ते पुन्हा माती होऊ लागते. यालाच आपण गंज म्हणतो. नुसती कोरडी हवा असेल तर गंज जवळजवळ धरत नाही. पाणी लागतेच, आणि पाण्यात मीठ असेल तर काम दुप्पट वेगाने चालते. कोकणातल्या माणसाला हे विचारा. घाटावर जो खिळा वर्षानुवर्षे टिकतो तो समुद्रकाठी थोड्या पावसाळ्यांत भुगा होतो.

गंजाची आणखी एक खोड आहे, आणि इमारतीच्या दृष्टीने तीच घातक. लोखंड गंजले म्हणजे झिजते हे खरे, पण त्याचबरोबर ते फुगते. गंजाला मूळ लोखंडाच्या दुपटीपासून सहापटीपर्यंत जागा लागते. उघड्यावरचा गज फुगला तर त्याची खपली पडेल, एवढेच. परंतु दगडाच्या भोकात घट्ट बसवलेली खुंटी फुगली तर ती कोठे जाणार? ती दगडाला आतून रेटते. आज केसाएवढी चीर पडते, तिच्यातून पावसाचे पाणी आत जाते, गंज वाढतो, चीर वाढते; आणि एके दिवशी दगडाचा कोपरा कलथून खाली येतो. लोक म्हणतात, दगड म्हातारा झाला. अहो, दगड म्हातारा झालेला नसतो, त्याच्या पोटातले लोखंड आजारी असते!

एक खांब आणि काही तुळया

येथे कोणी शंका काढील की, लोखंड जर असे नाशवंत, तर दिल्लीचा लोहस्तंभ सोळाशे वर्षे कसा उभा राहिला? शंका रास्त आहे.

दिल्लीत मेहरौलीला कुतुबमिनाराजवळ हा स्तंभ आहे. उंची सुमारे ७.२ मीटर, वजन ६ टनांहून जास्त. त्यावरील लेखात चंद्र नावाच्या राजाने विष्णुपद नावाच्या गिरीवर भगवान विष्णूचा ध्वज म्हणून तो उभारल्याचे सांगितले आहे. गुप्त सम्राट दुसरा चंद्रगुप्त तोच हा राजा असे बहुतेक विद्वान मानतात. म्हणजे हा मुळात विष्णुध्वज, पुढे दिल्लीस आणलेला. लोखंडाचे तापलेले गोळे एकावर एक ठोकून, जोडून तो घडवला आहे. वितळवून ओतलेला नाही.

कानपूरच्या आय. आय. टी.मधील प्राध्यापक आर. बालसुब्रह्मण्यम यांनी या स्तंभाचा वर्षानुवर्षे अभ्यास केला. त्यांच्या संशोधनाचा मथितार्थ असा: त्या काळच्या भट्टीत चुनखडी घालीत नसत, त्यामुळे खनिजातला स्फुरद, म्हणजे फॉस्फरस, लोखंडातच राहिला. आजच्या सामान्य पोलादात तो शेकडा ०.०५ हून कमी ठेवतात, तर स्तंभात तो शेकडा पाव भागाच्या आसपास आहे. उन्हापावसाची आलटापालट होत गेली तसा या स्फुरदामुळे पृष्ठभागावर एक अत्यंत पातळ, घट्ट थर बसला. तो थर लोखंडाचे अंगरख्यासारखे रक्षण करतो.

पण याच स्तंभाचा जो भाग जमिनीत पुरलेला आहे तो मात्र गंजला आहे, त्याला खड्डे पडले आहेत. लोखंड तेच, घडवणारे हात तेच. वरच्या भागाला वारा-ऊन मिळाले, तो भिजला तरी वाळला. खालच्या भागाला ओल्या मातीची संगत लागली, तो भिजला तो भिजलेलाच राहिला. एकाच खांबाच्या दोन भागांची ही दोन गती झाली.

आणखी एक गोष्ट. या स्तंभाला पाठ टेकून दोन्ही हात मागे नेऊन गाठले की भाग्य उजळते, अशी समजूत होती. लाखो माणसांच्या अंगाने तो घासला जाऊ लागला, तेवढा भाग निराळ्या रंगाचा झाला. अखेर १९९७ साली भोवती कुंपण घालावे लागले. भाविकाच्या स्पर्शात वाईट हेतू नसतो, पण घाम हेही खारट पाणीच.

आता दुसरे उदाहरण घ्या. ओडिशात कोणार्कचे सूर्यमंदिर तेराव्या शतकात गंग वंशातील नरसिंहदेव राजाने बांधले. त्यात दगडांना आधार म्हणून लोखंडी तुळया घातल्या होत्या. सर्वांत लांब तुळई सुमारे ३५ फूट आहे. लोखंडाचे लहान तुकडे ठोकून ठोकून एवढी तुळई तयार करणे ही त्या लोहारांची मोठीच करामत म्हटली पाहिजे. परंतु देऊळ पडझडीला आल्यावर या तुळया उघड्या पडल्या, आणि जवळच समुद्र. खाऱ्या वाऱ्याने त्यांची अंगे सोलून निघाली. चांगल्या कुळातल्या मुलालाही वाईट वस्ती बाधते, तसेच हे झाले.

शिशाची सोबत

मग दगडात लोखंड घालूच नये काय? तसे नाही. जुन्या कारागिरांना यावरचा तोड ठाऊक होता, तो म्हणजे शिसे.

ग्रीस देशात अथेन्स शहरी टेकडीवर अथीना देवीचे पार्थेनॉन नावाचे देऊळ आहे. इसवी सनापूर्वी ४४७ ते ४३८ या काळात ते उभे राहिले. सगळे काम संगमरवराचे, आणि विशेष म्हणजे दगडांच्या सांध्यात चुना मुळीच नाही. दगड इतके नेमके घासून बसवले की सांधा दिसू नये. शेजारशेजारचे दगड सरकू नयेत म्हणून त्यांना लोखंडी आकड्यांनी जखडले, आणि खालचा व वरचा दगड खुंट्यांनी जोडला. आकडा दगडाच्या खाचेत ठेवला की भोवती वितळलेले शिसे ओतीत. शिसे सुमारे ३२७ अंश उष्णतेला वितळते. ते खाचेच्या कानाकोपऱ्यांत शिरते आणि थंड झाले की लोखंडाला सर्व बाजूंनी लपेटून घेते. त्याने दोन कामे होतात. एक तर पाणी आणि हवा लोखंडापर्यंत पोचत नाही. दुसरे, शिसे मऊ असल्यामुळे धरणीकंपाचा हादरा बसला की ते थोडे दबते आणि दगडाचा धक्का सोसते. यामुळे अडीच हजार वर्षांनंतरही, जेथे शिसे शाबूत होते तेथील आकडे चांगल्या स्थितीत सापडले.

पुढची कथा मात्र मन लावून वाचण्यासारखी आहे. १८९८ ते १९३३ या काळात निकोलाओस बालानोस नावाच्या इंजिनियरांच्या देखरेखीखाली या देवळाची मोठी दुरुस्ती झाली. पडलेले खांब उभे केले, तुळया जाग्यावर चढवल्या. हेतू उत्तम, मेहनत अपार. पण दगड जोडताना त्यांनी नवे लोखंड वापरले आणि शिशाची सोबत पुष्कळ ठिकाणी दिली नाही, सिमेंट वापरले. काही दशकांतच ते लोखंड गंजून फुगले आणि ज्या संगमरवराला सांभाळायचे त्यालाच त्याने तडे पाडले. अडीच हजार वर्षांपूर्वीचे लोखंड टिकले, आणि पन्नास वर्षांपूर्वीच्या लोखंडाने घात केला!

१९७५ साली ग्रीक सरकारने या टेकडीवरील वास्तूंसाठी तज्ज्ञांची समिती नेमली. तेव्हापासून एकेक दगड उतरवून आतले गंजके लोखंड काढणे आणि त्या जागी टायटेनियम धातूचे आकडे बसवणे, असे काम चालत आले आहे. टायटेनियम गंजत नाही, आणि उष्णतेने प्रसरण पावण्याचा त्याचा गुण संगमरवराच्या जवळपास आहे. त्यातही या मंडळींनी एक शहाणपण केले. मोठा हादरा बसला तर आधी आकडा वाकावा किंवा तुटावा, दगड फुटू नये, अशा बेताने आकड्याची जाडी ठरवली. आकडा पुन्हा घडवता येतो, पण त्या काळच्या कारागिराने घडवलेला दगड पुन्हा कोठून आणणार? दुरुस्तीने मूळ वस्तूहून बलवान होऊन बसू नये, तिने मुळाची सेवा करावी, हे तत्त्व आपणही गाठीस बांधावे.

शिशाची ही विद्या आपल्याकडेही होती. मालवणजवळच्या सिंधुदुर्गाचे काम शिवछत्रपतींनी १६६४ साली सुरू केले, तेव्हा पायाच्या दगडांत शिसे ओतल्याचे परंपरेने सांगतात. जुन्या दगडी कामांत खुंटीभोवती शिशाचा करडा ठिपका दिसला तर तो उकरू नका, ती त्या सांध्याची ढाल आहे.

मात्र शिशाचा दुसरा गुणही सांगणे आमचे कर्तव्य आहे. शिसे विषारी आहे. त्याची धूळ किंवा वाफ पोटात गेली तर लहान मुलांच्या मेंदूला कायमचा अपाय होतो. पॅरिसच्या नोत्र दाम या जुन्या चर्चला १५ एप्रिल २०१९ रोजी आग लागली, तेव्हा छपरावरचे शेकडो टन शिसे वितळले, त्याची धूळ आसपासच्या वस्तीत पसरली आणि ती धुऊन काढण्यासाठी मोठी खटपट करावी लागली. म्हणून शिसे ओतण्याचे काम जाणत्याकडूनच करवावे. देवळाच्या आवारात चूल मांडून हौशी मंडळींनी करू नये.

दोन धातूंची गाठ

आता संगतीचा सर्वांत नाजूक प्रकार पाहू. दोन निराळे धातू एकमेकांना चिकटले आणि मध्ये पाणी आले, तर त्यांपैकी एक दुसऱ्यासाठी झिजू लागतो. हे नवल वाटेल, पण घरातल्या विजेरीत हेच चालते. साध्या सेलचे बाहेरचे डबडे जस्ताचे, आत कोळशाची कांडी, मध्ये ओला मसाला. वीज मिळते ती जस्त झिजते म्हणून. जुना सेल विसरून आत राहिला की डबडे फुटून पाणी गळते, हे सर्वांनी पाहिले आहे. देवळाच्या दारावर तांब्याचा पत्रा लोखंडी खिळ्यांनी ठोकला आणि त्यावर पाणी पडत राहिले, तर तेथे असाच एक सेल तयार होतो. त्यात लोखंड झिजते, तांबे वाचते. खिळ्याचे डोके उडते आणि पत्रा लोंबू लागतो.

याचे जगप्रसिद्ध उदाहरण न्यूयॉर्क बंदरातील स्वातंत्र्यदेवतेचा पुतळा. १८८६ साली तो उघडला. बाहेरून तांब्याचा पत्रा, जाडी अवघी २.४ मिलिमीटर, आणि आत आयफेल या इंजिनियरांनी उभारलेला लोखंडी सांगाडा. तांबे-लोखंडाचे वैर त्यांना ठाऊक होते. म्हणून दोहोंच्या मध्ये लाखेत भिजवलेल्या अ‍ॅस्बेस्टॉसच्या पट्ट्या घातल्या होत्या. आपल्याकडे पितळेच्या पातेल्याला कल्हई करतात ना, तसेच काहीसे. कल्हई शाबूत तोवर ताक-चिंच खुशाल ठेवा, ती उडाली की पदार्थ कळकतो. पुतळ्यातही तेच झाले. समुद्राच्या खाऱ्या हवेत त्या पट्ट्या कुजल्या, तांबे-लोखंडाची गाठ पडली, लोखंडी पट्ट्या गंजून फुगल्या आणि तांब्याच्या पत्र्यातून रिबिटे उपटून निघाली. १९८४ ते १९८६ या काळात सुमारे अठराशे लोखंडी पट्ट्या एकेक करून बदलून त्या जागी न गंजणाऱ्या पोलादाच्या घातल्या, आणि तांब्याशी गाठ पडू नये म्हणून मध्ये टेफ्लॉनचा पडदा ठेवला. शंभर वर्षांत तांब्याचा पत्रा मात्र अगदी थोडा झिजला होता.

संगत नेहमी वाईटच असते असे मात्र नव्हे. जस्ती बादली घ्या. लोखंडाच्या पत्र्यावर जस्ताचा मुलामा असतो. ओरखडा पडून लोखंड उघडे पडले तरी जस्त आधी स्वतः झिजते आणि लोखंडाला वाचवते. तांब्याच्या संगतीने लोखंड मरते, जस्ताच्या संगतीने तरते. म्हणून कोणता धातू कोणाशेजारी बसवला, हे पाहिल्यावाचून काम करू नये.

कळा कोणती, कीड कोणती

तांबे, पितळ आणि कासे यांवर वर्षांनुवर्षांनी तपकिरी, काळसर किंवा हिरवट छटा चढते. पुष्कळ लोक तिला घाण समजून घासून काढतात. ती बहुधा घाण नसून धातूचे स्वतःचे कवच असते. न्यूयॉर्कचा पुतळा हिरवा दिसतो तो याच कवचाने, आणि त्यानेच तो वाचला. ही छटा सारखी, गुळगुळीत आणि घट्ट असेल तर तिला हात लावू नये. मात्र कोठे फिकट हिरव्या भुकटीचे ठिपके उठले, झटकले की गळतात आणि पुन्हा येतात, असे दिसले तर तो रोग समजावा. मिठाचा अंश धातूत शिरून आतून पोखरतो तेव्हा असे होते. अशी मूर्ती किंवा वस्तू प्रथम कोरडी ठेवावी आणि जाणत्याला दाखवावी. आंबट वस्तूने घासल्यास रोग आत दडतो.

रोजच्या पूजेची ताम्हन-पळी चिंचेने घासली तर कोणाचे बिघडत नाही. ती वापराची भांडी आहेत. पण जुन्या घंटेवर, समईवर, दाराच्या पत्र्यावर अक्षरे असतील तर सावध असावे. नाशिकच्या नारोशंकराच्या देवळावर जी प्रसिद्ध घंटा आहे ती मुळात पोर्तुगीजांची. १७३९ साली मराठ्यांनी वसई जिंकली, त्या विजयाची ती खूण. तिच्यावर १७२१ हे साल आहे. ते अक्षर घासून गेले असते तर घंटेने आपली जन्मकथा कोणत्या तोंडाने सांगितली असती? लहान गावच्या देवळाचा इतिहास पुष्कळदा कागदावर नसतो. एखाद्या घंटेवर कोरलेला शक आणि दात्याचे नाव एवढाच तो असतो. दरसाल उत्सवाआधी राखेने आणि तारेच्या घासणीने घंटा लखलखीत करणारी मंडळी नकळत गावची वहीच पुसत असतात.

चांदीचे निराळे. ती हवेतल्या गंधकाने काळी पडते. तो काळा थर घासून काढला की प्रत्येक वेळी थोडी चांदीही जाते आणि नक्षी बोथट होते. तरीही पत्र्याचा एक उपयोग आहेच. पंढरीच्या गरुडखांबाला आलिंगन देण्याची रीत पिढ्यान् पिढ्यांची. तेथे चांदीचा पत्रा वारकऱ्याचा घाम, बुक्का आणि घर्षण आपल्या अंगावर घेतो, म्हणून आतला खांब वाचतो. पत्रा झिजला तर नवा करता येतो.

पण हाच पत्रा दगडी भिंतीवर सर्वत्र मढवला तर काय होते तेही पाहावे. जुन्या भिंतीतली ओल दगडाच्या सांध्यांतून हळूहळू बाहेर पडत असते. पत्र्याने तोंड बंद केले की ती आतच कोंडते, खिळे गंजतात, आणि वरून सारे झळकत असल्यामुळे कोणाला पत्ताही लागत नाही. २०२४ साली पंढरपूरच्या मंदिराचे संवर्धन चालू असताना पदस्पर्शदर्शन सुमारे अडीच महिने बंद होते, आणि गाभाऱ्यातील चांदीचा पत्रा काढून मूळ दगड मोकळा करण्यात आला. काहींना चुकल्या-चुकल्यासारखे झाले असेल, पण आपले पणजे-खापरपणजे ज्या दगडाला टेकून उभे राहिले तो दगड पुन्हा दिसला, हे थोडे भाग्य नव्हे.

सिमेंटच्या पोटातले लोखंड

आजकालच्या जीर्णोद्धारात लोखंड येते ते मुख्यत्वे स्लॅबमधून. येथेही संगतीचाच न्याय. ताज्या काँक्रीटमध्ये चुन्यासारखा तिखट क्षार असतो. त्याच्या सहवासात लोखंडावर पातळ संरक्षक थर राहतो आणि ते गंजत नाही. परंतु हवेतला कर्बवायू हळूहळू आत शिरून तो क्षार मारत जातो. सळईवर काँक्रीटचा थर पातळ ठेवला असेल, वाळू खारट असेल किंवा गच्चीवर पाणी तुंबत असेल तर काही वर्षांतच सळई गंजते, फुगते आणि खालचा गिलावा ताटाएवढा सुटून पडतो. दोनतीनशे वर्षांच्या दगडी देवळावर असा स्लॅब टाकणे म्हणजे दीर्घायुषी माणसाच्या खांद्यावर अल्पायुषी ओझे देणे होय. वजन वाढते ते वेगळेच.

आपल्या गावी काय करावे

एवढे वाचून आपल्या मनात येईल की, आम्ही काही इंजिनियर नव्हे, आमच्या हातात काय आहे? बरेच आहे, माउली. नुसते डोळे उघडे ठेवले तरी अर्धे काम होते.

पहिले, पाणी हटवा. धातूचा खरा वैरी पाणी. पावसाळ्यापूर्वी पन्हळी साफ करा, शिखरावरचे पिंपळाचे रोप लहान असतानाच काढा, अभिषेकाचे पाणी गाभाऱ्यातून नीट वाहून जाते की नाही पाहा.

दुसरे, वर्षातून एकदा कंदील किंवा विजेरी घेऊन सगळे देऊळ हिंडा. दगडावर तांबूस ओघळ दिसला तर आत लोखंड आहे आणि ते गंजते आहे असे समजा. पितळी-तांब्याच्या वस्तूखाली हिरवा ओघळ दिसला तर तेथे पाणी पोचते आहे. चिरेच्या दोन्ही कडांवर पेन्सिलीने खूण करून तारीख लिहा, पुढल्या वर्षी अंतर ताडून पाहा.

तिसरे, उघड्या गजांवरचा सुटा गंज हलक्या हाताने काढून, ते पूर्ण कोरडे करून रेड ऑक्साइडचा हात आणि त्यावर रंग द्या. गंजावर नुसता रंग फासणे म्हणजे जखम न धुता पट्टी बांधणे. आणि लोखंडाचा रंग दगडावर, कोरीव मूर्तीवर, पितळेवर मुळीच लावू नका.

चौथे, दर्शनबारीचे कठडे, पंखे, दिवे, कर्णे यांसाठी जुन्या दगडाला भोके पाडू नका. कठडा स्वतःच्या पायावर उभा राहील असा करा. भोक पाडणे अटळच असेल तर दगडात नव्हे, सांध्यात पाडा, आणि त्यात साधे लोखंड न घालता न गंजणारे पोलाद घाला.

पाचवे, पत्रा ज्या धातूचा, खिळेही त्याच धातूचे ठेवा. तांब्याला तांब्याचे, चांदीला चांदीचे किंवा तांब्याचे. लोखंडाची गाठ पडू देऊ नका.

सहावे, जुने काही काढले तर मोडीत घालू नका. घडीव लोखंडाची जुनी कडी, खिळा, बिजागरी, कळसाचा फुटका तुकडा, सारे काही चिठ्ठी बांधून पेटीत ठेवा. पुढच्या कारागिराला तोच नमुना उपयोगी पडतो. काढण्यापूर्वी छायाचित्र घ्या.

सातवे, देऊळ संरक्षित स्मारक असेल तर पुरातत्त्व खात्याची परवानगी घेतल्याशिवाय खिळाही ठोकू नका. केंद्राचा १९५८ सालचा आणि महाराष्ट्राचा १९६० सालचा असे दोन कायदे याविषयी आहेत. संरक्षित नसले तरी मोठ्या कामाआधी जाणत्याचा सल्ला घ्यावा. सल्ल्याला खर्च होतो तो फुटलेल्या दगडापेक्षा कमीच असतो.

जीर्णोद्धारासाठी विश्वस्तांची बैठक बसली की बहुधा प्रश्न निघतो, नवे काय बसवायचे? त्याआधी एक प्रश्न विचारण्याची चाल पडावी: जे आहे त्याला कशाची संगत बाधते आहे, आणि ती कशी दूर करायची? पुष्कळदा उत्तर अगदी स्वस्त निघेल. एखादी तुंबलेली पन्हळ, एखादा चुकीचा खिळा, एखादी रोज ओली राहणारी चौकट. तेवढे सुधारले तर वर्गणीतले पैसेही उरतील आणि पूर्वजांच्या हातचे कामही राहील. येत्या पावसाळ्याआधी आपल्या गावच्या देवळाला अशी एक फेरी अवश्य मारा, आणि सोबत एखादे शाळकरी पोर घ्या. चीर वाढली की नाही हे पुढे त्यालाच पाहायचे आहे.